त्या आजीला काय हवंय?

प्रिय माई,

मी साताऱ्याची. वय ५९. जिल्हा परिषदेच्या शाळेत ३४ वर्षं शिकवलं, गेल्या वर्षी निवृत्त झाले. शाळेच्या गॅदरिंगची नाटकं मीच बसवायची, पण स्वतः कॉलेजनंतर कधी रंगमंचावर उभी राहिले नाही. यंदा आमच्या भिशीच्या बायकांनी मंगळागौरीचा कार्यक्रम केला. त्याचा व्हिडिओ फिरत फिरत कुठे गेला कोण जाणे, वाईजवळ शूटिंग चाललेल्या एका मालिकेच्या को-ऑर्डिनेटरचा मला फोन आला. ऑडिशन झाली आणि तीन दिवसांचं काम मिळालं. नायकाच्या आजीचं.

पहिल्या दिवशी मेकअप दादांनी डोक्यावर पांढऱ्या केसांचा टोप बसवला, नाकावर जाड चष्मा आला, हातात काठी आली. दिग्दर्शक म्हणाले, "कंबरेत वाका, हात जरा थरथरू द्या." माई, मी रोज सकाळी अजिंक्यतारा चढून येते. आरशात बघितलं आणि रडू घशाशी आलं. वाक्यं चार, त्यातलं एक "बाळा, जेवलास का?" नायकाचं खरं वय ३८ आहे हे नंतर समजलं. माझ्या मुलाहून तीनच वर्षांनी मोठा.

आता त्यांनी याच आजीचं पुढचं वीस दिवसांचं काम देऊ केलंय. मुलगा म्हणतो, "आई, या वयात तोंडाला रंग लावून काय मिळवायचंय? नातेवाइकांत हसं होईल. पेन्शन पुरत नाही असं वाटेल लोकांना." सून काही बोलत नाही. नातवाला दुपारी बालवाडीतून मीच आणते, तोही प्रश्न आहे. चार दिवस घरात कुणी कुणाशी धड बोललेलं नाही.

मी हे काम घ्यावं का? आणि अशी म्हातारी होऊन घ्यावं का?

– एक निवृत्त शिक्षिका, सातारा

ताई,

तुमचं मूळ पत्र बरंच मोठं होतं, थोडं कमी करून वर छापलंय. त्यात सगळ्यात जास्त ओळी मुलावर आहेत. पण रडू आलं ते टोप बघून, म्हणून मी आधी टोपाबद्दल बोलते. मुलाकडे मग वळू.

आरशासमोर तुम्हाला जे वाटलं त्याला कुणी नटवेपणा म्हणू नये, तुम्ही स्वतःही म्हणू नका. त्या टोपाला मोठा इतिहास आहे. नर्गिस 'मदर इंडिया'त सुनील दत्तची आई झाली तेव्हा ती २८ वर्षांची होती आणि तिच्या या पडद्यावरच्या मुलाचा जन्म तिच्यानंतर फक्त पाच दिवसांनी झालेला. १९५९ साली सुलोचनादीदी शम्मी कपूरची आई झाल्या, दोघांच्या वयात तीन-सव्वातीन वर्षांचं अंतर. 'वास्तव'मध्ये संजय दत्तच्या आईचं काम करणारी रीमा लागू त्याच्याहून जेमतेम वर्षभरानं मोठी होती. आणि १९९०च्या 'अग्निपथ'मध्ये अमिताभ बच्चनची आई झालेल्या रोहिणी हट्टंगडी तर वयानं त्याच्याहून लहान. या सगळ्या उत्तम नट्या, आणि त्यांनी ती कामं जीव ओतून केली. सुलोचनादीदींना कितीजण खरीखुरी आई मानायचे हे आपल्या पिढीला वेगळं सांगायला नको. पण हिशेब बघा. नायकाचं वय थांबलेलं. त्याच्यासमोर आई शोभायची तर जी कुणी आणाल तिला म्हातारी दाखवायलाच लागणार. मग खरी म्हातारी कशाला आणायची? तिशीतल्या बाईला पांढरा टोप लावला की काम भागतं.

मालिकांत हाच हिशेब एक मजला वर सरकलाय. ३८ वर्षांचा नायक कथेत २७-२८ चा असतो. त्याची आई म्हणून चाळीस-बेचाळीसची, काळ्याभोर केसांची बाई घेतात, बऱ्याचदा दहा वर्षांपूर्वी नायिका असलेली. मग आजी तिच्याहून बरीच थोर दिसायला हवी, म्हणून ५९ वर्षांच्या तुम्ही ७५च्या होता. तुमच्या चेहऱ्यात काही उणं होतं म्हणून टोप आला नाही. खालच्या पायरीवरच्या प्रत्येकीला वर ढकलत आणलंय आणि सगळ्यात वर तुम्ही उभ्या आहात.

मी सांगलीत राहते, त्यामुळे हे सांगताना मला आमच्या गावात झालेली मराठी नाटकाची सुरुवात आठवते. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी इथे 'सीता स्वयंवर' केलं तेव्हा सीता पुरुषानंच केली. पुढे कितीतरी वर्षं बाईला रंगमंचावर जागाच नव्हती. आणि आमच्या पलूस तालुक्यातल्या नागठाण्याचे बालगंधर्व! चाळिशी ओलांडलेला पुरुष शालू नेसून सोळा-अठरा वर्षांची नायिका व्हायचा आणि सारा महाराष्ट्र ती खरी मानायचा. त्यांच्या गुणांबद्दल मला शंका नाही, आदरच आहे. पण एक विचार मनातून जात नाही. पंचेचाळिशीच्या पुरुषात प्रेक्षकांना तरुणी दिसू शकली आणि तिशीतल्या बाईत मात्र फक्त आई दिसली. बघणाऱ्यांना डोळे होते, कल्पनाही होती. ती कुणासाठी वापरायची हे ठरलेलं होतं.

माझंही एक सांगते. हौशी नाटकात मी बरीच वर्षं काम केलं. ३६ वर्षांची होते तेव्हाची गोष्ट. राज्य नाट्य स्पर्धेच्या नाटकाचं पहिलं वाचन होतं. त्याआधीची तीन वर्षं आमच्या संस्थेची नायिका मीच होते. त्या संध्याकाळी दिग्दर्शकांनी वही हातात दिली आणि जिथे पान दुमडलं होतं तिथे आईची वाक्यं होती. नायक तोच होता, माझ्याहून पाच वर्षांनी मोठा, आता तो माझा मुलगा. कुणी काही बोललं नाही, मीही नाही. नाटक केलं, अभिनयाचं प्रमाणपत्र मिळालं, आणि पुढच्या वर्षी मी तालमीला गेलेच नाही. घरी सांगितलं, मुलांच्या परीक्षा आहेत. आईची भूमिका वाईट नव्हती, ताई. ती आई पहिल्या अंकात रडायची, तिसऱ्या अंकात रडायची आणि मधल्या अंकात चहा आणायची. तिला स्वतःला काय हवंय हे लेखकाला विचारावं, एवढंसुद्धा मला सुचलं नाही. नाटक सोडल्याचं दुःख आता बोथट झालंय, पण तो प्रश्न न विचारल्याची बोच अजून आहे.

म्हणून तुमच्या दुसऱ्या प्रश्नाला, म्हणजे अशी म्हातारी होऊन काम घ्यावं का याला, माझं उत्तर त्याच प्रश्नातून जातं. वीस दिवसांचं काम हातात येण्याआधी दिग्दर्शकांना किंवा संवाद लिहिणाऱ्यांना विचारा: या आजीला काय हवंय? नातवाचं लग्न व्हावं, सून सुधारावी, घर एक राहावं, हे सोडून. तिला स्वतःला. विकलेला जमिनीचा तुकडा परत हवा असेल, न भेटणारी बहीण भेटायला हवी असेल, नवऱ्याच्या पश्चात एकदा रेल्वेनं लांब जायचं असेल, काहीही चालेल. उत्तर मिळालं तर टोप पांढरा असो की काळा, त्या भूमिकेत तुम्हाला उभं राहायला जागा आहे. "अहो, आजी आहे ती, तिला काय हवं असणार" असं म्हणाले, तर तुम्ही त्यांच्या घराच्या सेटवरची आरामखुर्ची आहात. तरीही काम घ्यायचं असेल तर खुशाल घ्या, पैसे मिळतील, अनुभव मिळेल. फक्त डोळे उघडे ठेवून घ्या.

हा प्रश्न मला उशिरा सुचला तो गेल्या काही वर्षांत पडद्यावर जे बदललं ते बघून. २०१९ साली 'अग्गंबाई सासूबाई'मध्ये निवेदिता सराफांची आसावरी आली. विधवा, आयुष्यभर सासरा आणि मुलगा यांच्यासाठी राबलेली. तिला जोडीदार हवा होता आणि तिची सूनच तिचं लग्न लावून द्यायला उभी राहिली. आमच्या गल्लीत त्यावर भांडणं झाली. एका घरात सासू म्हणाली, "शोभतं का हे?" आणि रात्री साडेआठला तीच टीव्हीपुढे पहिली बसलेली. त्याच वर्षाच्या शेवटी 'आई कुठे काय करते' सुरू झाली आणि २०२४पर्यंत चालली. मग २०२१ साली 'झिम्मा' आला, वेगवेगळ्या वयाच्या बायका घर मागे ठेवून परदेशात फिरायला निघाल्या. आणि २०२३च्या जूनअखेरीस 'बाईपण भारी देवा'. सहा बहिणी, त्यांना मंगळागौरीची स्पर्धा जिंकायचीय, त्यातली थोरली रोहिणी हट्टंगडी. १९९० साली जिला आपल्याहून मोठ्या माणसाची आई व्हावं लागलं, तीच बाई ३३ वर्षांनी पडद्यावर मंगळागौर खेळत होती. तो चित्रपट मराठीतल्या सर्वाधिक कमाईच्या चित्रपटांत गेला.

सांगलीत तो बघायला आम्ही अकराजणी गेलो होतो, भजनी मंडळातल्या. दोघींनी सुनांकडून नऊवारी नेसवून घेतली होती. एकीनं आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या पैशानं तिकीट काढलं होतं, म्हणजे नवऱ्याला न सांगता बाजूला ठेवलेल्या पैशानं. मध्यंतरात ती पॉपकॉर्न हातात धरून नुसती बसून राहिली, खाल्लं नाही. विचारलं तर म्हणाली, "माझ्या बहिणीशी मी सात वर्षं बोलले नाही." त्या रात्री तिनं बहिणीला फोन केला की नाही ते मला माहीत नाही. पण तिला थिएटरात आणलं ते तिच्या वयाच्या बायांनी, नायक-नायिकेनं नव्हे.

बदल कुठून आला याचं उत्तर मला तिथे त्या रांगेत दिसलं. निर्मात्यांना अचानक साठीच्या बाईची कणव आली असं मी मानत नाही. संध्याकाळी सात ते दहा रिमोट कुणाच्या हातात असतो हे त्यांना फार पूर्वीपासून ठाऊक होतं. तिकीटबारीवर बायका गटागटानं येतात आणि दुसऱ्यांदा नणंद-भावजयांना घेऊन येतात, हे मात्र उशिरा कळलं. हिंदीतही थोडं हलतंय. २०१७ साली नीना गुप्तानं इन्स्टाग्रामवर जाहीरपणे सांगितलं की मी चांगली नटी आहे, मला काम हवंय. तेव्हा ती ५८ वर्षांची होती. पुढच्याच वर्षी 'बधाई हो' आला. त्यात तिनं पन्नाशी ओलांडल्यावर दिवस गेलेली बाई केली, आणि त्याच चित्रपटातल्या सासूसाठी सुरेखा सिक्रींना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. काम मागायला नीना लाजली नाही, हे मला तिच्या अभिनयाइतकंच महत्त्वाचं वाटतं. आपल्याकडे बाईनं पन्नाशीनंतर काही मागायचं म्हणजे तीर्थयात्रा, फार तर गुडघ्याचं ऑपरेशन.

अजून खूप व्हायचंय. या नव्या भूमिका बहुतेक शहरातल्या, खात्यापित्या घरच्या बायांच्या. गावाकडची आजी अजूनही एकतर शिव्या देऊन हसवते किंवा तुळशीपाशी दिवा लावते. आणि इथेच मला तुमच्याशी थोडं वेगळं बोलायचंय.

तुम्ही लिहिलंत की मी अजिंक्यतारा चढते आणि मला ७५ची केली. मला कळलं. पण ताई, दुःख ७५ची केल्याचं आहे, की ७५ची बाई अशीच असते असं त्यांनी धरून चालल्याचं? कारण दोन्हींत फरक आहे. पहिल्या दुःखात आपणही नकळत ७५च्या बाईला खाली ढकलतो. तुम्ही जिल्हा परिषदेच्या शाळांवर गावोगाव फिरलात. आठवून बघा, भर पावसात भांगलायला जाणाऱ्या बायांत सत्तरीच्या किती असतात. डोक्यावर वैरणीचा भारा घेऊन बांधावरून चालत येणारी म्हातारी वाकलेली असते का? हरिपूरच्या वाटेवर एक भाजीवाली बसते, ७८ वर्षांची. तिला मी एकदा विचारलं, मावशी, उन्हात किती वेळ बसता? ती म्हणाली, "बसत्या कशाला, उभीच हाय की सकाळपास्नं." काठी तिच्याकडे आहे, पण ती कुत्री हाकलायला.

म्हणून मी सुचवते ते असं. टोप नको म्हणून अडून बसू नका, मालिकेत कंटिन्युइटी असते, तीन दिवस पांढरी दिसलेली आजी चौथ्या दिवशी करडी दिसली तर त्यांनाही अडचण. काठीबद्दल आणि कंबरेबद्दल मात्र बोला. दिग्दर्शकांना सांगा, मला या भागातल्या ७५ वर्षांच्या बाया माहीत आहेत, एक सीन मी त्यांच्यासारखा करून दाखवते, मग तुम्ही ठरवा. रिहर्सलला दाखवा, कॅमेरा लागल्यावर नको, तेव्हा कुणाला वेळ नसतो. थरथरणारा हात काढून टाका आणि त्या हाताला काम द्या. लसूण सोलू दे, वाती वळू दे, मोबाइलवर नातवाचा मेसेज डोळे बारीक करून वाचू दे. ३४ वर्षं वर्ग सांभाळलेल्या बाईला एवढं सुचवणं जड जाणार नाही. ते ऐकतील अशी हमी मी देत नाही. रोजचा एपिसोड गाठायच्या घाईत असलेली माणसं आहेत ती. पण पुष्कळदा त्यांनी विचारच केलेला नसतो, आणि कुणी करून दाखवलं तर त्यांनाही हवंच असतं.

तुमच्याच जिल्ह्यातलं उदाहरण आहे. कराडच्या कमल ठोके तुमच्यासारख्या शिक्षिका होत्या. 'लागिरं झालं जी'मधली त्यांची जिजी घराघरांत पोचली, कारण ती कुणाचीतरी खरी आजी वाटायची. बोलणं इकडचं, चालणं इकडचं. नोव्हेंबर २०२०मध्ये त्या गेल्या तेव्हा माझ्या ओळखीच्या कितीजणींना घरचं माणूस गेल्यासारखं झालं. आणि वाईच्या यमुनाबाई वाईकर! त्यांना पद्मश्री मिळाली २०१२ साली, तेव्हा त्या नव्वदीच्या बऱ्याच पुढे होत्या. लावणी म्हणजे तरुण पाय असं मानणाऱ्यांना बैठकीच्या लावणीत नुसत्या डोळ्यांनी आणि हातांनी काय करता येतं ते त्यांच्याकडे बघून कळायचं. त्यांना कुणी टोप लावला नाही आणि वयही लपवावं लागलं नाही. ज्या शहराजवळ तुमचं शूटिंग चाललंय, त्या शहराची ही बाई होती.

आता कामाचं व्यवहारी बोलते. इथे भिडेखातर गप्प बसायचं नाही. रोजचा दर, किती दिवस, जाण्यायेण्याची गाडी त्यांची की तुमची, हे कागदावर किंवा निदान मेसेजवर लिहून घ्या. मालिकांचे पैसे साधारण नव्वद दिवसांनी येतात, तेव्हा पहिल्या महिन्यात खात्यात काही दिसलं नाही तर घाबरू नका, पण चौथ्या महिन्यात मात्र फोन करा. शिफ्ट बारा तासांची असते. सातारा ते वाई पस्तीसेक किलोमीटर, पाचवडवरून जायचं, रात्री उशिरा एसटीनं परतायचं नाही हे आधीच सांगून ठेवा. बसायला जागा कुठे, बायकांसाठी स्वच्छ संडास आहे का, हे पहिल्याच दिवशी प्रॉडक्शनवाल्यांना विचारा. हे विचारायला तरुण मुली कचरतात आणि मग दिवसभर पाणी पीत नाहीत. तुम्ही विचारलंत तर त्यांचीही सोय होईल. टोपाच्या गमानं कपाळाला खाज सुटत असेल तर मेकअप दादांना सांगा, त्यांच्याकडे उपाय असतो. काम देतो म्हणून कुणी पैसे मागितले तर ते काम नव्हे. आणि कामाच्या जागी लैंगिक छळाविरुद्धचा २०१३चा कायदा आहे, त्यात 'कोणत्याही वयाची स्त्री' असे शब्द आहेत. या वयात आपल्याला कोण काय करणार असं समजून आपण बेसावध राहतो, म्हणून मुद्दाम लिहिलं.

तब्येतीचंही. २०२० सालच्या करोनात शूटिंग पुन्हा सुरू झालं तेव्हा ६५ वर्षांवरच्या कलावंतांनी सेटवर यायचं नाही अशी सरकारी अट होती. ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयानं ती रद्द केली. काम करायचा हक्क वयावरून काढून घेता येत नाही, हे मला पटलं, आजही पटतं. त्यानंतर सप्टेंबरमध्ये ज्येष्ठ अभिनेत्री आशालता वाबगावकर मालिकेच्या कामासाठी तुमच्या साताऱ्यात आल्या होत्या, तिथेच त्यांना करोना झाला आणि तिथेच त्या गेल्या. वय ७९. ही बातमी वाचून मी दिवसभर सुन्न होते. त्यावर काहीजण म्हणाले, कशाला आल्या या वयात. मला तो प्रश्न फार वाईट वाटला. ७९व्या वर्षी त्यांना काम करायचं होतं, कारण ते त्यांचं काम होतं. म्हातारीला घरी बसवलं की आपण तिला सांभाळलं, हे मी मान्य करणार नाही. तुमचा रक्तदाब, गुडघे, कंबर काय म्हणतात ते सेटवाल्यांना खरं सांगा. वाकून चालायचा अभिनय वीस दिवस बारा तास केलात तर कंबर खरोखर धरेल, हेही काठी टाकायला पुरेसं कारण आहे.

राहिला मुलगा.

तो वाईट नाही. "हसं होईल" हे त्याचं वाक्य मी दोनदा वाचलं, आणि मला त्यात भीती दिसली. त्यानं तुम्हाला सकाळी साडेसहाला डबा भरून एसटी पकडताना बघितलंय, निवृत्त झालात तेव्हा त्याला वाटलं असेल की आता आई घरी असेल, विसावा घेईल. त्याच्या डोळ्यांपुढे तुमच्या विसाव्याचं एक चित्र आहे आणि त्यात पांढरा टोप बसत नाही. त्याच्याशी बोला. पण परवानगी मागायला म्हणून बसू नका. मागितलीत की तो देईल किंवा देणार नाही, आणि दोन्हीकडून तुम्ही अडकाल. त्याला सांगा, मी हे काम घेतेय किंवा विचार करतेय, तुला कशाचा त्रास होतोय ते मला समजून घ्यायचंय. पेन्शनचं तो बोलला त्यावर चिडू नका. पैशाशिवाय बाई घराबाहेर कशाला जाईल, हा समज आपणच मुलांच्या मनात घातलाय. नोकरीला जाताना आपण सगळ्याजणी हेच सांगत आलो, "घरासाठी करते." शिकवायला मला आवडतं म्हणून जाते, असं तुम्ही त्याला ३४ वर्षांत कधी सांगितलंत का? मी माझ्या मुलांना सांगितलं नव्हतं.

सुनेबद्दल तुम्ही एकच वाक्य लिहिलंय. तिच्याशी वेगळं बोला, मुलाला पटवायला तिची मदत मागू नका, त्यात ती चेपली जाईल. ती गप्प आहे याचा अर्थ विरोध असा धरू नका. वीस दिवस दुपारी मुलाला कोण आणणार, याचं ओझं शेवटी आपल्यावर येणार हे तिला माहीत असेल, म्हणून गप्प असेल. तो प्रश्न आधी मुलापुढे ठेवा, तिच्यापुढे नको. बालवाडी सुटायची वेळ, शेजारच्या मुलांची रिक्षा, तुमच्या भिशीतली एखादी मैत्रीण, वीस दिवसांची सोय करता येते. तुम्ही शाळेत असताना तुमचा मुलगा घरी कसा यायचा, ते त्यालाच आठवू दे.

आणि एक दिवस त्याला सेटवर घेऊन जा. मुद्दाम नको, गाडी चुकली तर सोडायला ये म्हणा. त्यानं तुम्हाला कॅमेऱ्यापुढे उभं बघितलं पाहिजे, घरातल्या टीव्हीवर बघण्याआधी. बाकीची माणसं तुम्हाला 'मॅडम' म्हणतात, मेकअप दादा पाणी आणून देतात, पन्नास माणसं "सायलेन्स" म्हटल्यावर तुमच्या वाक्यासाठी गप्प होतात, हे त्याच्या मनातल्या चित्रात नाहीये.

तर काम घ्या, ताई. माझं मत तुम्ही विचारलंत म्हणून स्पष्ट सांगते. पण घ्यायच्या आधी त्या आजीला काय हवंय ते विचारा, आणि ते काय म्हणाले ते मला कळवा. पुढच्या अंकापर्यंत थांबू नका, पोस्टकार्डावर दोन ओळी लिहिल्यात तरी चालतील. काठीचं काय झालं तेही लिहा.

– माई